न बोललेलं प्रेम आणि मोम्मेत मोजलेला त्याग

प्रश्न थोडक्यात असा आहे: जुन्या जपानी कवितेत आणि नाटकात माणसं जीव तोडून प्रेम करतात, पण तोंडातून शब्द काढत नाहीत, वेळ आली की आपलं सगळं दुसऱ्याच्या पदरात टाकून निमूट बाजूला होतात. हा त्यांचा स्वभाव म्हणायचा, की समाजाची सक्ती? आणि अनुवादातून वाचताना, किंवा स्वतः अनुवाद करताना, नेमकं काय बघायचं?

‘स्वभाव’ या शब्दाने काही हाती लागत नाही, तो आधी बाजूला ठेवा. त्याऐवजी प्रत्येक कथेला दोन साधे प्रश्न विचारा: हे माणूस कोणाला बोलत नाही, आणि या त्यागाचे पैसे कोण भरतं? पहिल्या प्रश्नातून कळतं की मौन कधी काव्यसंकेत होतं, कधी निष्ठा, तर कधी कायद्याची भीती. दुसऱ्यातून तर बहुतेक वेळा थेट आकडाच हाती येतो.

मराठीत आपण ‘एकतर्फी प्रेम’ म्हणून मोकळे होतो. जपानीत इथे किमान दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिली काताओमोइ, म्हणजे एका बाजूचाच विचार. आठव्या शतकातल्या ‘मान्योशू’ या संग्रहात त्याला आवाबी या समुद्री गोगलगायीच्या कवचाची उपमा दिली आहे. शिंपल्याला दोन झडपा असतात, आवाबीला एकच. दुसरी बाजू मुळातच नाही. इसेच्या किनाऱ्यावरचे कोळी सकाळ-संध्याकाळ बुडी मारून जो आवाबी काढतात, तसं माझं प्रेम एकाच झडपेचं, असं तो कवी म्हणतो. दुसरी गोष्ट शिनोबु कोइ, म्हणजे दडवलेलं प्रेम. यात समोरच्याचं प्रेम असेल किंवा नसेलही, मुद्दा दडवण्याचा. ‘शिनोबु’ म्हणजे लपवणं आणि सोसणंही. ज्या चिनी अक्षराने तो लिहितात त्यात वर सुरीचं पातं आणि खाली हृदय आहे. याच उच्चाराचं आणखी एक क्रियापद आहे, त्याचा अर्थ दूर गेलेल्याची आठवण काढत झुरणं. ‘गुप्त प्रेम’ असा अनुवाद केला की हे सगळं गळून जातं आणि मागे फक्त लफड्याचा वास राहतो. ‘मनात धरलेलं’ किंवा ‘मनातच ठेवलेलं’ हे त्यातल्या त्यात जवळचं.

हे शोधायचं ‘वाका’ या जुन्या कविताप्रकारात, हायकूत नव्हे. मराठीत शिरीष पै यांच्यामुळे हायकू घरोघरी पोचला, त्यामुळे जपानी कविता म्हटली की आपण तिकडेच वळतो. पण हायकूचा जीव ऋतूत. प्रेमाचा सगळा कारभार ५-७-५-७-७ अशा ३१ मात्रांच्या वाकात चाले. 905 साली सम्राटाच्या आज्ञेने सुरू झालेल्या ‘कोकिनशू’ या कवितासंग्रहाच्या २० खंडांपैकी पाच खंड (११ ते १५) नुसते प्रेमाचे आहेत आणि त्यांची मांडणीही क्रमाने आहे: ऐकीव माहितीवर जडलेलं प्रेम, मग दडवणं, भेट, लोकांची कुजबुज, शेवटी विसर. म्हणजे ‘दडवलेलं प्रेम’ हा एक ठरलेला टप्पा होता, आणि पुढे तर तो कवितेच्या स्पर्धेत दिला जाणारा विषयच झाला. शिनोबु कोइची कविता दिसली की कवी खरंच तोंड दाबून बसला होता असं लगेच समजू नका. विषय मिळाला म्हणून त्याने ती लिहिलेली असू शकते.

960 सालच्या राजवाड्यातल्या स्पर्धेत शेवटची जोडी याच विषयावर लागली. एका बाजूला ताइरा नो कानेमोरि, दुसऱ्या बाजूला मिबु नो तादामि. परीक्षकाला निवड करता येईना. पडद्याआडून सम्राट मुराकामि कानेमोरिच्या ओळी पुटपुटताना ऐकू आले, आणि निकाल तिकडे गेला. पराभवाच्या दुःखाने तादामि अन्नपाणी सोडून मेला, ही पुढे जोडलेली दंतकथा. त्या जिंकलेल्या ओळी जवळून बघण्यासारख्या आहेत:

शिनोबुरेदो
इरो नि इदेनिकेरि
वागा कोइ वा
मोनो या ओमोउ तो
हितो नो तोउ मादे

मात्रा मोजा. दुसऱ्या ओळीत सात हव्यात, आहेत आठ. जपानी छंदशास्त्रात ओळीच्या मध्ये सुटा स्वर आला तर ही जादा मात्रा चालते, म्हणजे नियम मोडलेला नाही. पण ‘दडवलं, तरी बाहेर आलंच’ हे सांगणारी ओळच मापाबाहेर सांडते आहे, हे कानाला कळल्याशिवाय राहत नाही. ‘इरो’ म्हणजे रंग, चेहऱ्याचा भाव आणि कामनाही. मराठीत हे साधारण असं येईल: ‘लपवलं होतं मी, तरी चेहऱ्यावर उतरलंच माझं प्रेम; कुणाच्या विचारात एवढं? असं लोकांनी विचारावं, इतकं.’

इथे अनुवादकाचा पाय हमखास घसरतो. जपानी क्रियापदाला लिंग नसतं. मराठीत ‘लपवतो’ की ‘लपवते’ हे ठरवावंच लागतं. ठरवलं की चूक होण्याची शक्यता मोठी, कारण पुरुष कवी सर्रास बाईच्या आवाजात लिहीत. ‘आत्ता येतो’ एवढ्या त्याच्या एका शब्दापायी शरदातली लांबलचक रात्र जागून, पहाटेचा उशिरा उगवलेला चंद्रच तेवढा बघणारी जी विरहिणी ‘ह्याकुनिन इश्शु’ या शंभर कवींच्या संग्रहात आहे, तिचा कवी सोसेइ हा चक्क बौद्ध भिक्षू होता. सुदैवाने आपल्याकडे सोय आहे. मराठीत सकर्मक भूतकाळ कर्माप्रमाणे चालतो, म्हणून ‘लपवलं मी’, ‘वाट पाहिली मी’ यात बोलणारा कोण ते उघड होत नाही. इंग्रजीवरून मराठीत आणताना ‘मी लपवत होतो’ असं लिहून ही सोय वाया घालवलेली फार दिसते. वाट पाहण्याचा विषय निघाला आहे तर हेही ध्यानात ठेवा: ‘मात्सु’ म्हणजे वाट पाहणं आणि पाइनचं झाडही. कवितेत पाइन उभं दिसलं की कोणीतरी ताटकळत असण्याची दाट शक्यता.

यानंतर लोक ज्या वाक्यावर उडी मारतात ते ‘हागाकुरे’ या सामुराईच्या बोलांच्या पुस्तकातलं आहे: प्रेमाची परिसीमा म्हणजे दडवलेलं प्रेम, एकदा भेट झाली की त्याची उंची घटते, आपण मेल्यावर चितेच्या धुरावरून काय ते त्याला कळावं. इंटरनेटवर हे गुलाबी सूर्यास्ताच्या चित्रावर छापलेलं सापडतं. मूळ संदर्भ वेगळाच आहे. सागा संस्थानातला निवृत्त सामुराई यामामोतो त्सुनेतोमो 1710 ते 1716च्या सुमारास बोलत गेला आणि एका तरुण सामुराईने ते टिपून घेतलं. तिथे प्रेम म्हणजे प्रामुख्याने पुरुषा-पुरुषांतलं प्रेम, आणि त्याचा दाखला कशासाठी, तर धन्याची सेवा कशी करावी हे सांगण्यासाठी: धन्याला कळो न कळो, मोबदला मिळो न मिळो. त्सुनेतोमोचा धनी नाबेशिमा मित्सुशिगे 1700 साली वारला, तेव्हा त्याला धन्यामागे प्राण द्यायचे होते. पण सागामध्ये 1661 पासून आणि शोगुनच्या, म्हणजे देशाच्या लष्करी शासकाच्या, हुकमाने 1663 पासून सगळीकडेच त्यावर बंदी होती, म्हणून त्याने संन्यास घेतला. मरणही नाकारलं गेलेल्या सेवकाचं हे बोलणं आहे. त्यावरून त्या काळच्या नवराबायकोंबद्दल निष्कर्ष काढू नयेत.

त्यागाचा खरा माल आहे शहरी व्यापाऱ्यांच्या नाटकांत, आणि त्यात सगळ्यात पक्का नमुना चिकामात्सु मोन्झाएमोनचं ‘शिन्जू तेन नो आमिजिमा’. ओसाकात जुन्या पंचांगाप्रमाणे 1720च्या दहाव्या महिन्यात एका जोडप्याने जीव दिला. बाराव्या महिन्यात बाहुल्यांच्या रंगमंचावर नाटक उभं होतं. (आजच्या इंग्रजी कॅलेंडरने तो 1721चा जानेवारी येतो, म्हणून पुस्तकांत दोन्ही सालं दिसतात.) जिहेई हा कागदाचा व्यापारी, वय २८. बायको ओसान, दोन लहान मुलं. जिहेईचं प्रेम कोहारु या गणिकेवर. दोघांनी एकत्र मरायचं ठरवलेलं. अचानक कोहारु त्याला तोडते आणि तो तिला बेइमान ठरवून घरी येतो, कोतात्सुच्या, म्हणजे शेगडीवरच्या बैठ्या मेजाच्या, दुलईत तोंड खुपसून रडत पडतो.

आता कोण कोणाला काय बोललेलं नाही ते बघा. ओसानने नवऱ्याच्या नकळत कोहारुला चिठ्ठी पाठवली होती: आपण बायकाबायकांनी एकमेकींचं समजून घ्यायचं, सोडवत नाही ते सोड, माझ्या नवऱ्याचा जीव वाचव. कोहारुने उलट कळवलं की जिवापेक्षा मोलाचा माणूस आहे, पण हा शब्द मोडता येत नाही, सोडते. आणि मग दोघीही गप्प. कोहारु बेइमानीचा आळ सोसते, ओसान नवऱ्याचं रडणं. जेव्हा कळतं की ताहेई नावाचा पैसेवाला कोहारुला विकत घेणार आहे, तेव्हा ओसानला उमगतं की ही बाई त्याच्याकडे न जाता मरणार. ती मेली तर आपण तिच्या ऋणात कायमच्या. इथे ती चिठ्ठीचं गुपित फोडते, आणि त्यानंतरचा प्रसंग निव्वळ हिशेबाचा आहे.

कोहारुला अडवून ठेवायला ७५० मोम्मे नवी चांदी लागणार. एक मोम्मे म्हणजे ३.७५ ग्रॅम, म्हणजे ही नाणी वजनाने २.८ किलोच्या आसपास. ओसान कपाटातून ४०० मोम्मे काढते. ते कागदाच्या उधारीचे, घाऊक व्यापाऱ्याला द्यायचे. उरलेल्या ३५० साठी ती संदूक उघडते आणि स्वतःचे, मुलांचे कपडे एकेक करून गहाण टाकायच्या बोचक्यात घालते. निवेदक त्या कपड्यांची यादी गातो आणि कापडांच्या नावांवर श्लेष करत जातो: रेशमाचं नाव उच्चारता उच्चारता नवऱ्याला उद्याचा दिवस आहे की नाही ही शंका येऊन जाते. ओसान भाषण देत नाही. जिहेई विचारतो, ती घरात आली तर तुझं काय? ती क्षणभर अडखळते. मग म्हणते, मुलांची दाई होईन, स्वयंपाकीण होईन, नाहीतर एका कोपऱ्यात निवृत्त होऊन राहीन. तोपर्यंत हा प्रश्न तिने स्वतःला विचारलेलाच नसतो, हे त्या अडखळण्यात दिसतं. चांगला गायक तिथे श्वास सोडून थांबतो.

अनुवादात इथे ‘गिरि’ शब्द येतो आणि तो ‘कर्तव्य’ म्हणून उतरवला जातो. त्याने ओसान पतिव्रतेच्या पोथीतली होऊन बसते. नवऱ्यासाठी तिने काय करायचं ते तर चिठ्ठी लिहून झालंच होतं. कपडे गहाण पडतात ते कोहारुसाठी. एका बाईने आपला शब्द राखला, तिच्या उपकाराखाली आपण आहोत, ही ती गिरि. मराठीत ‘मिंधेपण’, ‘ऋण’, ‘भीड’, ‘शब्दाला जागणं’ यांतलं प्रसंगाला बसेल ते घ्यावं. दरवेळी एकच शब्द वापरायचा हट्ट धरू नये. समोरचा ‘निन्जो’ म्हणजे माया, मनाची ओढ. आणि ‘गिरि विरुद्ध निन्जो’ अशी कुस्ती लावून वाचायची जी सवय आहे, ती या प्रसंगात उघडी पडते. ओसानच्या बाबतीत दोन्ही एकाच बाजूला आहेत.

हा त्याग फसतो तोही कायद्याच्या कलमावर. तेवढ्यात ओसानचा बाप येतो, संदुकीचे खण ओढून बघतो, रिकामे. बायकोच्या संमतीशिवाय तिचे कपडे गहाण टाकणं हे माहेरच्यांनी सोडचिठ्ठी मागण्याइतकं मोठं कारण धरलं जाई. संमती होती हे ओसान सांगून तरी कशी सांगणार? तिला ओढत माहेरी नेलं जातं, मुलं मागे. ज्या मार्गाने सगळे वाचायचे तो बंद झाला, आता मरण. पण मरतानाही कोहारुला ओसानची भीड आहे: शेजारी शेजारी प्रेतं सापडली तर तिला दिलेला शब्द काय राहिला? म्हणून दोघं आपले केस कापतात, भिक्षू आणि भिक्षुणी झाल्याने संसारातली देणी सुटली असं धरतात, आणि वेगवेगळ्या जागी, वेगवेगळ्या तऱ्हेने मरतात.

‘शिन्जू’ या शब्दाचा प्रवासही ध्यानात घ्यावा. अक्षरं आहेत ‘हृदय’ आणि ‘आत’. आधी त्याचा अर्थ होता मनातलं खरं असल्याचा पुरावा, आणि तो गणिकावस्तीतला शब्द. 1678च्या एका ग्रंथात असे सहा पुरावे नोंदले आहेत: नख उपटून देणं, शपथपत्र, केस, गोंदण, बोट कापणं, मांस टोचणं. जिथे प्रेमाचे शब्द हा रोजचा विक्रीचा माल, तिथे शब्दाला किंमत उरली नाही, म्हणून शरीर गहाण पडलं. एकत्र मरणं हा त्या मालिकेतला शेवटचा पुरावा. मौनाचं मोल का वाढलं याचं हे फार रोखठोक उत्तर आहे.

चिकामात्सुच्याच 1703च्या ‘सोनेझाकि शिन्जू’त तर कबुली शब्दाविना होते. ओहात्सु ओसरीच्या कडेला बसलेली. तिच्या किमोनोच्या घोळाखाली, जमिनीवर तोकुबेई लपलेला. वर त्याचा वैरी त्याचीच निंदा करतो आहे. ओहात्सु कोणाशी बोलल्यासारखं म्हणते, आता त्याला मरावंच लागेल, आणि पाय खाली हलवते. तो तिचा घोटा धरून आपल्या गळ्यावरून फिरवतो. ठरलं. बुनराकु या बाहुलीनाट्यातल्या स्त्री-बाहुल्यांना एरवी पाय नसतातच, किमोनोचा घेर हलवून चाल दाखवतात. या एका प्रसंगासाठी ओहात्सुला पांढरं पाऊल दिलं जातं.

सरकारने हे किती गंभीरपणे घेतलं ते शिक्षांवरून कळतं. अशा मृत्यूंची लाट आली तेव्हा 1722-23 मध्ये त्यांवरची छपाई आणि नाटकं बंद झाली, ‘शिन्जू’ऐवजी ‘आइताइजिनि’, म्हणजे ‘संगनमताने मरण’, असा कोरडा शब्द आणला. दोघं मेले तर अंत्यविधी नाही; एक वाचला तर तो खुनी; दोघं वाचले तर एदोत, म्हणजे आजच्या टोकियोत, निहोनबाशी पुलाशी तीन दिवस उघड्यावर बसवून समाजाबाहेरच्या हिनिन वर्गात टाकत. विवाहितेच्या व्यभिचाराला दोघांना देहदंड होता. हे माहीत असलं की ‘ती काही बोलली नाही’ या वाक्याचा अर्थ निराळा लागतो.

सोडचिठ्ठी लिहायची ती नवऱ्याने. साडेतीन ओळींत बसवायचा रिवाज म्हणून तिला मिकुदारिहान म्हणत. त्यात आता हिने कोणाशीही लग्न करावं असं वाक्य असे, त्यामुळे तो कागद बाईच्या उपयोगाचा होता. त्याच्याविना दुसरं लग्न हा गुन्हा. नवरा लिहीत नसेल तर कामाकुरातलं तोकेइजि, 1285 साली स्थापलेलं भिक्षुणींचं देऊळ, किंवा आजच्या गुन्मातलं मान्तोकुजि. तिथे म्हणायला तीन वर्षं, प्रत्यक्षात २४ महिने राहिलं की सुटका. पाठलाग करणाऱ्याच्या हाती सापडण्याआधी बाईने चप्पल दरवाजाच्या आत फेकली तरी ती आत आली असं मानत, असं सांगतात. सोसणं हाच एक रस्ता होता असं नाही, मात्र दुसऱ्या रस्त्याला दोन वर्षं लागत. शिवाय सोसण्याची ही कडक शिस्त मुख्यतः सामुराई आणि पैसेवाल्या व्यापाऱ्यांची. खेड्यांत तरुण मंडळांच्या देखरेखीखाली रात्रीच्या भेटी चालत आणि त्यातून लग्नं ठरत. गंमत अशी की वरच्या वर्गाची शिस्त सगळ्या देशावर बसली ती आधुनिक काळात: 1898च्या नागरी कायद्याने घराच्या कर्त्याची संमती हवी केली, आणि पुरुषाला तिसाव्या, बाईला पंचविसाव्या वर्षापर्यंत आईबापांचीही. ती तरतूद 1947 पर्यंत टिकली. विसाव्या शतकातल्या कादंबऱ्यांत जो ‘पारंपरिक’ त्याग दिसतो त्यातला बराचसा या कायद्याच्या सावलीतला आहे.

एक जागा राहिली, ती म्हणजे ‘नो’ हे जुनं मुखवट्यांचं नाटक. गप्प राहून मेलेली माणसं तिथे परत येऊन बोलतात. एकाच कथेची दोन नाटकं जोडीने वाचावीत. ‘आया नो त्सुझुमि’त राजवाड्यातला म्हातारा माळी राजस्त्रीवर भाळतो. तिच्याकडून निरोप येतो: तळ्याकाठच्या झाडाला टांगलेला ढोल वाजव, आवाज आला तर भेटेन. ढोलाला कातड्याऐवजी रेशमी वस्त्र मढवलेलं. तो बडवत राहतो, आवाज येत नाही, तळ्यात उडी घेतो. मग त्याचं भूत येतं आणि तिलाच तो ढोल बडवायला लावतं. तिच्या हातूनही तो वाजत नाही, आणि राग तसाच घेऊन ते तळ्यात परत जातं. नो नाटककार झेआमिने त्याच धाग्यावर ‘कोइ नो ओमोनि’ लिहिलं. यात ढोलाऐवजी ओझं: हे उचलून फेऱ्या मार, मग दर्शन. वरून सुंदर वस्त्रात बांधलेलं, आत मोठा धोंडा. म्हातारा मरतो. शेवटी त्याचं भूत तिला क्षमा करतं, तिचा रक्षक होईन म्हणतं, आणि अनुवादांच्या प्रस्तावना याच क्षमेवर रेंगाळतात. त्याआधीची काही मिनिटं चुकवू नका. माळी मेल्याचं कळल्यावर राजस्त्री उठायला जाते आणि तिला उठता येत नाही. अंगावर धोंडा ठेवल्यासारखं झालंय, म्हणते, आणि बसल्या जागी राहते. भूत अजून रंगमंचावर आलेलंही नसतं.